अंबादास व इतर बावीस

कासन, मानेसर
१२ जानेवारी २०२५

प्रिय राजामामा,

तुझ्या कानातलं यंत्र फोनवर शिट्टी मारतं आणि तू माझं काहीही न ऐकता "हो हो, बिल्कुल" म्हणतोस, म्हणून हे पत्र. आई म्हणाली, राजाला लिहिलेलंच कळतं, चौतीस वर्षं सरकारात सेक्शन ऑफिसर होता, कागद दिसला की त्याला जाग येते. तर घे, कागद पाठवतेय.

आधी थोडं सांगते, कारण आर. के. पुरमला आईकडे भेटलो की तू मला फक्त "अजून तिथेच का?" एवढंच विचारतोस. हो, तिथेच. स्पर्धा परीक्षेचा अभ्यास सोडून इथे आले त्याला दोन वर्षं झाली. कासनमध्ये कामगारांच्या एका चाळीत वरची खोली भाड्याने घेऊन आम्ही वाचनालय चालवतो. दर रविवारी बैठक असते. बैठकीला अध्यक्ष नाही. त्या रविवारी ज्याची चहा करायची पाळी, तोच बैठक चालवतो. निर्णय एकमतानेच होतो, मग दोन तास लागोत की चार.

अंबादास तुला आठवत असेल. हिंगोलीचा, गणपतीत तुझ्याकडे जेवायला आला होता आणि वृंदाताईंचे, म्हणजे आईचे, सात मोदक खाऊन वर "पोट बरं नाही" म्हणाला होता. राजेंद्रनगरच्या लायब्ररीत आम्ही शेजारी बसायचो. चार वेळा परीक्षा देऊन झाली, घरी परत जायची लाज वाटली, आणि तो इथे गाड्यांचे रबरी गॅस्केट बनवणाऱ्या कारखान्यात ठेकेदाराकडून लागला. घरचे समजतात, तो कंपनीच्या ऑफिसात आहे.

आता मुद्दा. या कारखान्याच्या बसेस कासनवरून जातात. सकाळच्या पाळीला बसमध्ये निम्म्या सीटा रिकाम्या असतात. पण ठेक्यावरच्या कामगाराला त्यात चढता येत नाही, त्याच्या पासचा रंग वेगळा. लाइन तीच, मशीन तेच, गॅस्केट तेच. तो धुक्यात सव्वापाचला रस्त्यावर उभा राहतो, शेअर ऑटोत आठवा-नववा म्हणून लटकतो, आणि शेजारून त्याच्याच कारखान्याची रिकामी बस जाते. गेल्या महिन्यात एक ऑटो उलटली आणि एकाचं मनगट मोडलं. मामा, भांडवलशाही समजावून सांगायला मला पुस्तक लागत नाही. ही बस पुरते.

तर तेवीस जणांनी अर्ज केलाय, रिकाम्या सीटांवर बसू द्या. सही करायला सगळे घाबरत होते. मागे एकदा असाच अर्ज गेला तेव्हा ज्याचं नाव पहिलं होतं त्याला दुसऱ्या दिवशी केबिनमध्ये बोलावलं आणि आठवड्यात त्याचा ठेका संपला. म्हणून आम्ही कागदावर स्टीलची थाळी उपडी ठेवून गोल काढला आणि सगळ्यांनी गोलाभोवती नावं लिहिली. कोणी पहिला नाही, कोणी शेवटचा नाही.

मी तो घेऊन कामगारांच्या सरकारी कचेरीत गेले. बाबूने कागद दोनदा फिरवला आणि म्हणाला, "इसमें अर्ज़ीदार कौन है?" मी म्हटलं, सगळे. "सब नहीं होता, मैडम. एक होता है." आणि कागद परत. तो सोबत जोडलाय.

तुला या लोकांची भाषा येते. एवढा अर्ज घेतला जाईल असं बघ ना. अट एकच, नावं हलवायची नाहीत.

तुझी
देविका


मयूर विहार
२० जानेवारी २०२५

चि. देविका,

तुझा अर्ज पोचला. पोचला म्हणजे कचेरीत पोचला, आवक क्रमांक पडला, आणि पोच सोबत जोडली आहे, तिच्यावर क्रमांक आणि तारीख एवढंच असतं. निवृत्त माणसाला वेळच वेळ. तीन मेट्रो आणि एक ई-रिक्षा करून सकाळी अकराला मी त्या बाबूसमोर उभा होतो. जेवणाच्या सुट्टीआधी काम झालं. अर्ज कचेरीच्या पद्धतीत बसेल इतका व्यवस्थित करून दिला, बस.

कागद पाहून मला हसू आलं, राग मानू नकोस. शाळेतली पोरं सूर्य काढतात तसा दिसत होता. कल्पना चांगली आहे, पण सरकारी फाईल चौकोनी असते.

तुमच्या अध्यक्षाविना चालणाऱ्या बैठकीबद्दल वाचून आमची सोसायटी आठवली. आम्हीही सहकारीच आहोत, कागदावर छप्पन्न सभासद आणि सगळे समान. मी सचिव, कारण दुसऱ्या कोणाला सभेची मिनिट्स लिहायची नसतात. गेल्या वर्षी ठराव झाला की गार्ड आणि कामवाल्या बायांनी मोठी लिफ्ट वापरू नये, सामानाची वापरावी. एकमताने झाला. नोटीस मीच लिहिली, सुवाच्य. तेव्हा एकमताचं फार कौतुक मला सांगू नकोस.

थंडीची टोपी घालत जा. वृंदा काळजी करते आणि ती काळजी मला फोनवर ऐकवते, जी मला ऐकू येत नाही.

तुझा
राजामामा


कासन
२७ जानेवारी २०२५

प्रिय मामा,

तू ग्रेट आहेस. काल बैठकीत तुझी पोच सगळ्यांच्या हातातून फिरली. अर्जावर सही करणाऱ्यांतली प्रणिता म्हणाली, "दीदी, आपके मामाजी तो काम के आदमी हैं." हे तिच्याकडून फार मोठं सर्टिफिकेट आहे.

व्यवस्थित केलंस म्हणजे माझं हिंदी सुधारलंस ना? मला माहीत होतं तू करशील. मराठी तर माझं दिल्लीत अर्धं सांडलंच, हिंदीतही मात्रा चुकतात. थँक यू.

तुमची लिफ्ट आणि आमची बस एकच गोष्ट आहे, हे तुझ्या लक्षात आलं का? तू गंमत म्हणून लिहिलंस, मला वाचून वाईट वाटलं. माणूस वाईट असतो म्हणून हे होत नाही. काम करणारा एकीकडे आणि ज्याच्यासाठी काम होतं तो दुसरीकडे, अशी रचना एकदा केली की मग चांगली माणसंही सुवाच्य नोटिसा लिहितात. वरच्याने दया दाखवून हे सुटणार नाही. म्हणून आमची मागणी एवढीशी आहे, पण मागणारे सगळे आहेत. आज सीट, उद्या पाळीचे तास, परवा हा प्रश्न की मशीन कोणाचं. खालून, हळूहळू, एकमेकांना विचारत.

सगळे माझ्यासारखे भाबडे नाहीत हं. धीरज म्हणून एक आहे, समस्तीपूरचा. प्रत्येक गोष्टीत खोट काढतो. गोल कागदावर सही करताना म्हणाला, "गोल में छुपना आसान है, दीदी." त्याच्या जिल्ह्यातला एक सुपरवायझर आहे, त्याच्याबरोबर बसून बिनधास्त चहा पितो, कोण काय म्हणेल याची पर्वा नाही. वाचनालयाची किल्ली त्याच्याकडेच असते, कारण वेळेवर येणारा तो एकटाच.

देविका


मयूर विहार
४ फेब्रुवारी २०२५

चि. देविका,

लिफ्टबद्दल तू म्हणतेस ते खरं आहे आणि मला ते आवडलं नाही. दोन्ही एकदमच.

पण तुझ्या रचनेबद्दल एक विचारतो. मी चौतीस वर्षं त्या रचनेच्या पोटात बसून काढली. तिथे मी पाहिलं ते एवढंच, की गोष्टी कागदाने हलतात, आणि कागद नावाने हलतो. तुम्ही लोक जग उलटंपालटं करायला निघता आणि आवक क्रमांक घ्यायला मामा लागतो. चिडू नकोस, म्हातारा आहे, तेवढं बोलायचा मला हक्क आहे.

अंबादासला सांग, आमच्या सोसायटीला मॅनेजर हवा आहे. पंखा आहे, खुर्ची आहे, घरी सांगायला ऑफिसही खरं होईल. मी एक शब्द टाकला की काम होईल.

राजामामा


कासन
१९ फेब्रुवारी २०२५

प्रिय मामा,

अंबादासला परवा गेटवर अडवलं.

सकाळच्या पाळीला पास लावला तर दांडा उघडला नाही. त्याला केबिनमध्ये नेलं. अर्धा तास एकच विचारत होते, "नेता तू ही है ना? और कौन-कौन है?" तो म्हणाला, आमच्यात नेता नाही. ते हसले. दुपारी ठेकेदाराचा फोन आला, उद्यापासून येऊ नको. बाकी बावीस जणांना कोणी काही विचारलं नाही.

त्याने एवढंच सांगितलं. दोन दिवस खोलीत भिंतीकडे तोंड करून पडला आहे. घरून फोन आला तर "मीटिंगमध्ये आहे" म्हणून ठेवतो. भाड्याच्या खोलीत तिघं असतात, दोघं त्याच्यासाठी पोळ्या ठेवून पाळीला जातात. तुझ्या मॅनेजरच्या नोकरीचं मी त्याला आधीच सांगितलं होतं, तेव्हा नको म्हणाला होता. आता विचारायची मला हिंमत होत नाही. त्याला ही नोकरी परत हवी आहे, याच गेटमधून, कारण नाहीतर उरलेले बावीस जण पुन्हा कधी कशावर सही करणार नाहीत.

मला एकच कळत नाही. अंबादासच का? तो बैठकीत सगळ्यांत कमी बोलतो. कागदावर सुरुवातच नव्हती. मग त्यांना नाव मिळालं कुठून? याचं एकच उत्तर निघतं आणि ते मला नको आहे. आमच्यातल्या कोणीतरी सांगितलं.

तुला काय वाटतं? तू अशा चौकशा पाहिल्या आहेस.

देविका


मयूर विहार
२४ फेब्रुवारी २०२५

चि. देविका,

पत्र वाचून फार वाईट वाटलं. लगेच लिहायचं होतं, जमलं नाही.

अर्जाची एक प्रत अभिप्रायासाठी कंपनीकडे जाते, तसा नियमच आहे. त्यामुळे अर्ज झाला आहे हे त्यांना कळणारच होतं. पुढे त्यांनी अंबादासचं नाव कसं काढलं, याबद्दल तर्क करण्यात अर्थ नाही. कंपन्यांचे मार्ग अनेक असतात.

माझं ऐक, कोणाचा संशय घेऊ नका. चौकशी घाईने करू नका, शक्य तर करूच नका. अशा गोष्टींत माणसं विनाकारण दुखावतात आणि मग भरून येत नाही. हे मी अनुभवाने सांगतो.

अंबादासला माझ्याकडे पाठव. सोसायटीची जागा अजून रिकामी आहे. मी समितीशी बोलून ठेवलं आहे, त्याने फक्त यायचं.

तुझा
राजामामा


कासन
१० मार्च २०२५

प्रिय मामा,

तू म्हणालास तशी चौकशी केली नाही. चौकशी न करताच सगळं झालं.

दोन तारखेला, रविवारी, बैठकीत कोणीतरी म्हणालं की सुपरवायझरबरोबर चहा कोण पितो ते सगळ्यांना माहीत आहे. कोण म्हणालं ते आता कोणाला आठवत नाही. मग सगळे धीरजकडे बघायला लागले. त्याने विचारलं, "साफ बोलो, क्या बोलना है?" कोणीच साफ बोललं नाही. ज्याची चहाची पाळी होती त्याने नेहमीसारखं विचारलं, कोणाचं वेगळं मत आहे का? कोणाचं नव्हतं. माझंही नव्हतं, म्हणजे होतं, पण इतकं पातळ की शब्द फुटला नाही. अंबादास दाराशी बसला होता. सगळ्यांना वाटलं, ज्याचं नुकसान झालं तोच काही बोलत नाही, म्हणजे त्यालाही पटलंय.

धीरजने खिशातून वाचनालयाची किल्ली काढली, चहाच्या पातेल्याशेजारी ठेवली आणि चपला घालून गेला. कोणी त्याला "जा" म्हटलं नाही.

त्यानंतर कारखान्यात त्याच्या शेजारी बसून डबा उघडायला कोणी तयार होईना. चौथ्या दिवशी त्याने काम सोडलं. फरिदाबादला गेला म्हणतात, तिथे एका वर्कशॉपमध्ये लागला. फोन उचलत नाही.

अंबादासची नोकरी जिथल्या तिथेच. तो गेल्या पंधरा दिवसांत माझ्याशी धड बोललेला नाही. मला वाटतं त्याला धीरजचा राग आला असावा, दोघं एका ताटात जेवायचे. तुझ्या सोसायटीचं नाव काढलं तर उठून जातो.

निर्णय एकमताने झाला, मामा. मी रोज स्वतःला सांगते की तो बरोबर असणार.

देविका


मयूर विहार
१३ मार्च २०२५

चि. देविका,

तुझं पत्र आज आलं. मी आजच लिहितो आहे, कारण उद्या होळीची सुट्टी आहे आणि परवापर्यंत माझा धीर राहील याची खात्री नाही.

धीरजने काही केलेलं नाही. नाव मी दिलं.

वीस जानेवारीला तो गोल कागद घेऊन मी कचेरीत गेलो. बाबूने मलाही तेच विचारलं, अर्जदार कोण. मी तुझ्यासारखा वाद घातला नाही. वाद घालायचा विचारही मनात आला नाही, हे खरं. मला ते त्याचं म्हणणं रास्त वाटलं. बाहेर कडुनिंबाखाली टायपिस्ट बसतात, त्यातल्या एकाकडे गेलो आणि अर्ज नव्याने टाईप करून घेतला. खाली तक्ता केला, अनुक्रमांक, नाव, सही मूळ कागदाप्रमाणे. तुमचा गोल कागद मागे टाचला. कोणावर अन्याय नको म्हणून नावं वर्णानुक्रमे लावली. अ सगळ्यांत आधी येतो. बाबूने खूश होऊन नोंदवहीत लिहिलं, "अंबादास एवं अन्य बाईस", आणि शिक्का मारला. तोच कागद कंपनीकडे गेला. कंपनीला नेता शोधावा लागला नाही, मी त्याला क्रमांक एक देऊन ठेवला होता.

तू अट घातली होतीस, नावं हलवायची नाहीत. ती मी वाचली होती. मला वाटलं, पोरांच्या खेळातला नियम आहे, मोठ्या माणसाने काम करून द्यावं आणि त्यांना कळूही देऊ नये. आयुष्यभर मी असंच लोकांचं भलं केलं.

एकोणीस फेब्रुवारीचं तुझं पत्र वाचलं तेव्हाच मला कळलं होतं. चोवीस तारखेच्या उत्तराचे दोन खर्डे फाडले. तिसरा टाकला, तो तुझ्याकडे आहे. तो पुन्हा वाचलास तर दिसेल, त्यात खोटं एकही वाक्य नाही. मला असं लिहिता येतं, त्याचा मला पगार मिळायचा. मला लाज वाटते आहे.

हे पत्र तुमच्या बैठकीत वाचून दाखव. हिंदी करताना काही मऊ करू नकोस.

राजामामा


कासन
२५ मार्च २०२५

मामा,

वाचून दाखवलं. मऊ केलं नाही.

मग प्रणिताने विचारलं, "तो धीरज को किसने निकाला?" आणि आम्ही तेवीसचे बावीस उरलेलो, कोणी सांगू शकलं नाही. कोणी काढलंच नव्हतं. बैठकीने काढलं. बैठक म्हणजे कोण, ते कुठे लिहिलेलं नाही. मी दोन वर्षं इथे सांगतेय की ज्यांचं नाव मोठं नाही अशी माणसं एकत्र येऊन नीट ठरवू शकतात. अजूनही मला ते पटतं. पण त्या दिवशी आम्ही कंपनीसारखंच वागलो, फक्त जमिनीवर बसून.

तुझ्याबद्दल. अंबादासचं काम तुझ्या यादीमुळे गेलं. ती चूक होती, मी समजू शकते, तू तसाच आहेस. पण धीरज तुझ्या यादीमुळे गेला नाही. तो गेला आमच्यामुळे, आणि चोवीस फेब्रुवारीच्या त्या पत्रामुळे. संशय घेऊ नका असं तू लिहिलंस, आणि ज्या एका ओळीने संशय मिटला असता ती लिहिली नाहीस. ते मला अजून गिळता येत नाही.

आता एकच कर. अंबादासला काढल्याची तक्रार आम्ही केली आहे, तिची आणि बसच्या अर्जाची आठ एप्रिलला कचेरीत सुनावणी आहे. तिथे जाऊन लेखी दे की क्रम तू लावलास, अंबादासचा त्यात काही संबंध नाही. तुझ्या सहीने, पूर्ण नावाने, आधीच्या हुद्द्यासकट. त्या हुद्द्याचा एवढा तरी उपयोग होऊ दे.

काही दिवस मी मयूर विहारला येणार नाही. आईला काय सांगायचं ते तू ठरव.

देविका


कासन
१७ एप्रिल २०२५

आदरणीय राजाभाऊकाका यांना नमस्कार,

तुम्हाला मी पहिल्यांदाच लिहितो आहे. देविकाला हे पत्र माहीत नाही.

आठ तारखेला तुम्ही कचेरीत आलात. जिना चढताना तुम्हाला दोनदा थांबावं लागलं, ते मी खालून पाहिलं. तुम्ही निवेदन दिलं, साहेबांनी ते मोठ्याने वाचलं आणि कंपनीचा माणूस आपला फोन बघत बसला. तरी त्याचा परिणाम झाला. सोमवारपासून मला कामावर घेतलं आहे, त्याच ठेकेदाराकडे, फक्त दुसऱ्या लाइनवर. बसचंही झालं, अर्धं झालं. मागच्या तीन रांगा आम्हाला दिल्या आहेत. प्रणिता पहिल्या दिवशी मुद्दाम चौथ्या रांगेत बसली. कोणी उठवलं नाही.

तुमचे उपकार मानायला मी लिहायला बसलो, असं तुम्हाला वाटेल. तसं नाही. तुम्ही तुमची चूक लिहून दिलीत. माझी कोणी विचारली नाही, म्हणून ती मीच लिहितो.

मला केबिनमध्ये नेलं तेव्हा कंपनीच्या साहेबांनी टेबलावरचा कागद माझ्याकडे फिरवला होता. टाईप केलेला, अनुक्रमांक घातलेला, वर कचेरीचा शिक्का. पहिल्या ओळीत माझं नाव. मी चार वर्षं स्पर्धा परीक्षेचा अभ्यास केला आहे, वर्णानुक्रम मला ओळखता येतो. आणि तो कागद कचेरीत कोण घेऊन गेलं होतं, हे तेवीस जणांना माहीत होतं. म्हणजे पहिल्या दिवशी, पहिल्या पाच मिनिटांत मला कळलं होतं की हे तुमच्या हातून झालं.

मी बाहेर येऊन कोणालाच सांगितलं नाही. देविकाला वाईट वाटेल, असं मी स्वतःला सांगितलं. ते खरं कारण नव्हतं. दिल्लीत सात वर्षांत मला एकाच घरात पाटावर बसवून वाढलं, ते तुमचं. तुम्ही शिकलेले, अधिकारी, तुमच्याकडे माझ्यासाठी नोकरीही होती. तुमचं नाव घ्यायला माझी जीभ उचलली नाही. आणि धीरजचं नाव आलं तेव्हा मला ती उचलावीही लागली नाही. नुसतं दाराशी बसून राहायचं होतं. तो माझ्याच ताटात जेवणारा होता, म्हणून त्याचं काय होईल याची मला भीती वाटली नाही. बैठकीत दर रविवारी आम्ही म्हणतो, वरच्यांची भीती सोडा. माझी तर भीतीही नव्हती, आदर होता. तो जास्त वाईट निघाला.

परवा मी फरिदाबादला गेलो. धीरज वर्कशॉपमागच्या एका खोलीत राहतो. त्याने दार उघडलं, आत घेतलं, चहा केला. मी तुमच्या पत्राचं सांगितलं. तो म्हणाला, "अच्छा." मी सांगितलं, सगळ्यांना पश्चात्ताप झाला आहे, परत ये. तो म्हणाला, "सबकी बात छोड़. तू बता." मग मी केबिनमधल्या कागदाचं सांगितलं, आत्ता तुम्हाला सांगितलं तसंच. त्याने कप खाली ठेवला. "तुझे पता था?" मी हो म्हटलं. "और तू वहीं बैठा था." मी हो म्हटलं. मग त्याने दोन्ही कप विसळून ठेवले, मी उठलो नाही. शेवटी एवढंच म्हणाला, "ये बात वहाँ जाके बोल, जहाँ चुप था. फिर देखेंगे."

रविवारी बैठक आहे. चहाची पाळी माझी नाही, तरी मी बोलणार आहे. ऐकल्यावर मला ते बसू देतील की नाही, माहीत नाही. धीरजला काढलं तसं मला गप्प राहून कोणी काढू नये, तोंडावर सांगावं, एवढं मी आधी मागून घेणार आहे. मला तिथे राहायचं आहे. त्या खोलीशिवाय दिल्लीत मला दुसरी जागा नाही, आणि हे मी तुमच्या घरचं विसरून लिहीत नाही.

सोसायटीतली ती जागा दुसऱ्या कोणाला द्या. आणि काका, एक विनंती आहे. देविका तुमच्याशी आज ना उद्या बोलेल. तेव्हा माझी बाजू घेऊ नका, माझ्यासाठी तिच्याकडे शब्द टाकू नका.

आपला
अंबादास